माझ्या शेताला कुलूप कुणी लावलं

५ नोव्हेंबर २००९, गुरुवार

आज माझ्या शेताला कुलूप लागलं. कॉम्पुटरातलं शेत हाय म्हणून काय झालं, शेत ते शेत. सोयाबीन काढायला आलेलं, ऊस पाण्याला आलेला, गाय दारात हुबी. आणि त्रिशलानं बटण दाबलं तर शेताच्या जागी पांढरी पाटी, वर इंग्रजीत चार ओळी. मी म्हटलं, वाच. ती म्हणाली, "आत्या, खातं बंद केलंय. त्यांना संशय आलाय."

"कुणाचा?"

"आपलाच."

माझा संशय. भाजीवाल्याकडनं एक वांगं जास्त आलं तर परत नेऊन देणारी बाई मी, आणि ज्यांचं तोंड मी बघितलं न्हाय त्या साइटवाल्यांना माझा संशय येतोय.

मी एवढी वरडलो की त्रिशलानं ही डायरी आणून हातात दिली. दिवाळीला दुकानाकडं कुणी व्यापाऱ्यानं दिलेली, कोरीच पडली व्हती. म्हणाली, आत्या, आमच्यावर वरडण्यापेक्षा हिच्यात लिहा. म्हणून लिहितोय. चौथी शिकलोय, अक्षर कोंबडीच्या पायासारखं. त्रिशला पुण्यात वाढलेली, बाईमाणूस 'मी आलो, मी गेलो' म्हणतंय ह्याचं तिला अजून हसू येतंय. आमच्या कोल्हापुरात बाया अशाच बोलतात, मग लिहिणार कशा.

घरात आम्ही चौघं. मी, माझा मुलगा वृषभ, त्याची बायकू ही त्रिशला, सासूला आमच्यात आत्याच म्हणतात, आणि आण्णा. आण्णा म्हंजे वृषभचं वडील. नवऱ्याचं नाव मी अजून कागदावर लिहिलं न्हाय, आता डायरीसाठी कशाला लिहू. मार्केट यार्डात आमचं गुळाचं अडत दुकान हाय, बापलेक दोघं तिथं बसतात.

आणि एक पोरगी हाय, रोहिणी. तिचं नाव घरात घ्यायचं न्हाय. डायरीत घेतलं तर चालत असंल, डायरी काय बोलत न्हाय.

सात वर्सांमागं तिनं बेंगलोरला हापिसातल्या एका मल्याळी पोराबरोबर लग्न केलं. पोरगा आपल्यातला न्हवता. आण्णा मला बस्तीत, आमच्या जैन देवळात, घेऊन गेले. देवापुढं नारळावर हात ठेवून दोघांनी नियम घेतला. तिच्याशी बोलायचं न्हाय, तिला लिहायचं न्हाय, फोन न्हाय, घरात नाव न्हाय. आम्हा जैनांच्यात नियम घेतला म्हंजे घेतला. मी मोडला न्हाय. पोरगी मेलबर्नला गेली, बाळंत झाली, मी मोडला न्हाय.

पण फोटो बघायचा न्हाय असं नियमात कुठं व्हतं? गणपतीच्या आधी त्रिशलानं त्या मैत्रीच्या साइटवर माझं खातं काढलं, अक्काताई मगदूम म्हणून, आणि मी माझी नात बघितली. कुहू नाव ठेवलंय. झाडावरनं कुणी हाक मारल्यासारखं वाटतंय. पुढचा दात पडलाय आणि त्या फटीतनं जीभ बाहेर काढून फोटू काढलाय बाईनं. मी त्या फोटूची दृष्ट काढली, कॉम्पुटरवरनं मीठमोहऱ्या उतरल्या. वृषभ म्हणाला, आई, मीठ आत जाईल.

त्याच साइटवर हा शेतीचा गेम. आणि दसऱ्याला माझ्या बांधाला लागून रोहिणीचं शेत आलं. गेममध्ये शेजाऱ्याला एकमेकाच्या रानात जाता येतंय. ती रोज येती, माझ्या उसाला पाणी घालती. मी तिच्या कोंबड्यांना दाणं टाकतो. बोलणं न्हाय, लिहिणं न्हाय. तिनं सूर्यफूल लावलं की मी समजतो पोरगी बरी हाय. मी भेंडी तोडली की ती समजती, आई उठली, हिंडतीफिरती हाय. नियमाला कुठं धक्का लागला?

आता तिला दुसऱ्यांदा दिवस गेलेत. फोटूत पोट दिसतंय, ह्याच महिन्यात कधीबी बाळंत होईल. वेळेत काढलं न्हाय तर त्या गेममधलं पीक वाळतंय. अशा दिवसांत आईचं शेत वाळलेलं दिसलं तर पोरगी काय समजंल? आई गेली समजंल. न्हायतर आईनं परत पाठ फिरवली समजंल. ते त्याहून वाईट.

त्रिशला म्हणाली, "मी फोन करते की ताईंना."

मी म्हटलं, नको. मी सांगून तू केलास म्हंजे मीच केला.

६ नोव्हेंबर

त्रिशलानं साइटवाल्यांना लिहिलं. त्यांनी उलट प्रश्न धाडले. पहिलाच प्रश्न, तुम्ही पासवर्ड दुसऱ्या कुणाला दिलाय काय.

मी म्हटलं, लिही, व्हय.

"आत्या, नाही म्हणून लिहूया. सगळे तसंच लिहितात."

"लिहीत असतील. मी न्हाय लिहिणार. दिलाय तर दिलाय."

पासवर्ड म्हंजे शेताची किल्ली. आमच्या जुन्या बैलाचं नाव ठेवलंय, हौशा. शेजारच्या शालूबाईला दिलाय, शिरोळच्या माझ्या जावंला दिलाय, बनाबाईला. मी कधी बस्तीत असतो, कधी कुणाच्या लग्नाला असतो, मग पीक कुणी काढायचं? शिरोळला आमच्यात पैरा असतोय. माझी बैलं तुझ्या रानात, तुझी माझ्या रानात. कुणाच्या घरी आजारपण आलं तर शेजारी न सांगता पाणी पाजून जातोय. बनाबाईला मी फोनवर मोठ्यांदा सांगितलं, तिला ऐकू कमी येतंय, हौशा, हौशा, आपला बैल. आण्णा पेपर वाचत व्हते. म्हणाले, "आता गल्लीतल्या कुत्र्यालाबी ठाऊक झालं."

संध्याकाळी उत्तर आलं. पासवर्ड दुसऱ्याला देणं नियमाच्या बाहेर हाय. चौकशी होईल. चौकशी होईस्तोवर कुलूप.

म्हंजे खरं बोललो त्याची शिक्षा. आणि माणूस आजारी पडला तर पीक वाळू द्यायचं हा ह्यांचा नियम. गेम शेतीचा काढलाय आणि पैरा ठाऊक न्हाय ह्यांना.

८ नोव्हेंबर

शालूबाई आली. तिलाबी शेतात जाता आलं न्हाय म्हणून चुकल्यासारखं झालंय. पदरानं वारा घेत म्हणाली, "अक्काताई, कुणाच्या हापिसात जायचं ते सांग. मी येतो. टेबलावर हात आपटला की ऐकतात."

"हापिस अमेरिकेत हाय म्हणं."

"मग तुझ्या पोरीला सांग की, परदेशातच हाय न्हवं ती."

"ती ऑस्ट्रेलियात हाय."

"शेजारीच असंल की."

मी म्हटलं, असंल, पण पोरीला सांगायचं न्हाय म्हणून तर हे शेत. शालूबाईनं मान हलवली. तिला नियम ठाऊक हाय. जाताना म्हणाली, "तुमच्यातलं हे लई अवघड बाई. आमच्यात भांडतात, दोन वर्सं बोलत न्हाईत, मग कुणाच्या तरी बारशात गळ्यात पडतात."

११ नोव्हेंबर

पाऊस पडाय लागलाय ह्या दिवसात. गगनबावड्याकडं तर म्हणं धो धो. यार्डात गूळ झाकायची धांदल. वृषभ जेवायलाबी आला न्हाय.

साइटवाल्यांची यादी आली. तुमचं खातं कुठनं कुठनं उघडलंय, प्रत्येक मशीनपुढं सांगा, तुमचं हाय का न्हाय. त्रिशलानं वाचून दाखवलं. एक मशीन शिरोळचं, ते बनाबाईच्या पोराचं. एक आमच्या घरचं. एक शालूबाईकडचं. आणि चौथं एक, कोल्हापुरातलंच.

"ते कुणाचं?"

त्रिशला म्हणाली, "माहीत नाही, आत्या."

"कधी उघडतंय?"

"दुपारी. रोज दुपारीच दिसतंय."

म्हंजे मी जेवून आडवी होतो तेवढ्यात कुणीतरी माझ्या रानात शिरतोय. दसऱ्याच्या आधीपासनं. चोर. भर दुपारचा चोर, रोजचा. आणि ह्याच्यापायी माझ्या शेताला कुलूप.

१२ नोव्हेंबर

शालूबाईशी भांडलो. मी तिला फक्त इचारलं, तू अजून कुणाला किल्ली दिलीस का. ती म्हणाली, तुझ्या बैलाचं नाव मी काय पत्रिकेत छापलं काय. मग मी काय बोललो, ती काय बोलली, ते लिहिण्यासारखं न्हाय. उठून गेली. तिची वाटी माझ्याकडंच हाय.

त्या चोरानं काय काय केलं तेबी साइटवाल्यांनी धाडलंय. ऐकून अंगाची लाही झाली. माझ्या उसात हरभऱ्याचं आंतरपीक घेतलं. आंब्याच्या झाडाला पार बांधला. भेंडी वेळच्या वेळी तोडली. मी आपली समजत व्हतो शालूबाईचा हात चांगला हाय. बटाटा लावला न्हाय, कांदा, गाजर काय न्हाय. मीबी लावत न्हाय, आम्ही जमिनीखालचं खात न्हाय. म्हंजे माझं शेत बघून बघून शिकला असंल हरामखोर. आणि माझ्या गोठ्यातलं एक तांबडं वासरू रोहिणीच्या शेतात भेट म्हणून धाडलंय. वासरू माझं, आणि भेट देणारा हा कोण?

चोराला चांगली शेती येती ह्याचा जास्त राग आला.

१४ नोव्हेंबर

आमच्या घरात दिवस मावळायच्या आत जेवतात. आज आण्णांनी अर्धी भाकरी ठेवली. चार-आठ दिवस झाले, असंच चाललंय. म्हटलं, पोट बिघडलंय का.

"पोटाला काय झालंय. ते तुझं डबडं चालू झालं का न्हाय?"

"तुम्हाला काय करायचंय त्याचं?"

"मला काय करायचंय. दिवसभर तोंड फुगवून बसतीस म्हणून इचारलं."

मग म्हणाले, "पेपरात आलंय, मेलबर्नला लई उकडाय लागलंय म्हणं."

आमच्याकडं येणाऱ्या पेपरात गुळाचा भाव आणि कुस्तीची बातमी. मेलबर्न कुठल्या पानावर आलं, मला दिसलं न्हाय.

आमटीचा भुरका मारून परत म्हणाले, "पोरीचा पुढचा दात अजून उगवला न्हाय. गोड खात असंल लई."

"कुठल्या पोरीचा?"

"ती... शेजारची."

शेजारी शालूबाईला दोन्ही नातूच. मी त्रिशलाकडं बघितलं, ती ताटात बघत व्हती. म्हंजे हिनंच आण्णांपुढं कुहूचं बोलून दाखवलं असणार. पोरगी चांगली हाय, पण तोंडात तीळ भिजत न्हाय. उद्या तिला बोलणार हाय. आण्णांना कळलं की मी फोटू बघतो, तर नियमात आणखी एक कलम घालतील.

दुसरं म्हंजे नवा चष्मा. गेल्या महिन्यात आण्णांनी चष्मा बदलून आणला, बारीक अक्षर दिसत न्हाय म्हणून. गुळाच्या ढेपेवर कसलं बारीक अक्षर असतंय देव जाणे. ह्या घरात मला कुणी काय सांगत न्हाय.

१७ नोव्हेंबर

साइटवाल्यांचं शेवटचं पत्र. ह्या आठवड्यात सांगा. चौथं मशीन तुमच्या माणसाचं असंल तर तसं लिहा, कुलूप काढतो. तुमचं नसंल तर त्या मशीनवरनं जे जे केलं ते सगळं पुसून टाकतो आणि मग कुलूप काढतो.

मी म्हटलं, पुसू दे. हरभरा जाईल, पार जाईल, जाऊ दे.

त्रिशला म्हणाली, "आत्या, ताईंच्या शेजाराला होकारही तिथूनच दिलाय."

"म्हंजे?"

"दसऱ्याला त्यांनी विचारलं होतं, शेजारी होऊ का. हो म्हणून बटण दाबलंय ते त्या मशीनवरनं. ते पुसलं तर बांध जाणार. त्यांचं शेत आपल्याला दिसणार नाही, आपलं त्यांना दिसणार नाही."

मी समजत व्हतो, ते बटण त्रिशलानं दाबलं. तिनं एवढे दिवस तसंच समजू दिलं.

"मग परत बांध घालता येईल की."

"आपणहून विचारावं लागेल. विचारणं म्हणजे लिहिणंच झालं."

बघा आता. चोर आमचा हाय म्हणावं तर खोटं, देवापुढं उभी राहणारी बाई मी. आमचा न्हाय म्हणावं तर पोरगी गेली. आणि ही अडचण कुणी घातली? मी घातली न्हाय. कुठल्यातरी रिकामटेकड्यानं माझ्या दुपारच्या झोपेत माझ्या पोरीला हो म्हटलं. कोण हा, ह्याला काय अधिकार? मी तळतळलो. सगळ्यात जास्त राग ह्याचा की बरोबर तेच केलं, जे मी केलं असतं.

त्रिशलाला इचारलं, तुला खरंच ठाऊक न्हाय?

ती म्हणाली, "आत्या, कुकर लावायचाय मला."

१८ नोव्हेंबर

आण्णा आज डबा विसरून गेले. विसरले कसले, मुद्दाम ठेवला असणार, जेवण जात न्हाय न्हवं. मी म्हटलं, मीच घेऊन जातो, पुढ्यात बसून खायला घालतो. त्रिशला आडवी आली. वृषभ येऊन नेतील, ऊन आहे, तुमचे गुडघे दुखतात. मी रिक्षा केली.

दुकानात मी वर्साकाठी एकदा जातो, पाडव्याच्या पूजेला. सौद्यांचे दिवस, दारात ट्रॅक्टर, गुळाच्या ढेपा माणसाच्या उंचीला लागलेल्या. गादीवर दिवाणजी आकाराम एकटाच. मला बघून उठला, "वहिनी, तुम्ही?" आणि आतल्या खोलीकडं बघितलं. मी त्याला हातानंच बस म्हटलं.

आत वृषभनं हिशोबाला कॉम्पुटर ठेवलाय. दार अर्धं उघडं. आण्णा स्टुलावर, पाठ माझ्याकडं, चष्मा नाकाच्या शेंड्यावर. पुढं पांढरी पाटी आणि चार ओळी. त्या चार ओळी मी झोपेतबी वळखतो.

एका बोटानं अक्षर शोधत व्हते. एक दाबायचं, मग दुसरं शोधायचं. दाबून झालं की पाटी परत तशीच. परत पहिल्यापासनं. त्यांचा हात मला दिसत व्हता, ढेपेत खुपसून गूळ बघावा तसं ते एक बोट.

चारदा झालं असंल. मग त्या डबड्याला म्हणाले, हळूच, गिऱ्हाईकाला समजावल्यासारखं, "अरं बाबा, माझंच हाय ते रान. पोरगी वाट बघत असंल."

मी डबा आकारामापाशी ठेवला. म्हटलं, मी आत आलतो हे सांगू नको. त्यानं मान हलवली. त्यालाबी सगळं ठाऊक असणार. सगळ्यांना ठाऊक हाय, मी एक सोडून.

रिक्षात पयला आला तो राग. एवढा राग की रिक्षावाल्यानं आरशातनं बघितलं. नारळावर माझा हात कुणी ठेवला? ह्यांनी. पोरीच्या बाळंतपणात मी देवघरात तोंडात पदर कोंबून बसलेलो, तवा हे पेपर वाचत व्हते. आणि आता दुपारी गुपचूप पोरीच्या रानात वासरं धाडतात. मला सांगायला काय झालं? एका ताटाशेजारी ताट मांडून जेवतो की आम्ही.

घर येईस्तोवर दुसरा राग आला, तो माझाच. मी तरी त्यांना कुठं सांगितलं.

बोलले न्हाईत, लिहिलं न्हाय, फोन केला न्हाय. नाव घेतलं न्हाय, 'पोरगी' म्हणाले. तेबी घरात न्हवं, दुकानात. त्यांचाबी नियम शाबूत हाय.

१९ नोव्हेंबर

सकाळी त्रिशलाला बसवलं. म्हटलं, लिही, ते मशीन आमच्याच माणसाचं हाय.

तिची बोटं थांबली. "तुम्हाला कधी कळलं?"

"मला काय बी कळलं न्हाय. लिही."

"नाव आणि नातं विचारतायत, आत्या."

"नातं लिही, घरचा धनी. नाव तुला ठाऊक हाय."

ती लिहीत असताना तिच्या डोळ्याला पाणी आलं. म्हणाली, "मी त्यांना फक्त एकदाच दाखवलं, फोटो कसे बघायचे. शेताचं त्यांनी आपणहून शोधलं. मला म्हणाले, तुझ्या आत्याला सांगू नको, ती नियमाची बाई हाय, तिला त्रास होईल."

नियमाची बाई मी. आणि मला त्रास होईल म्हणून सात वर्सं दोघंबी गप. आता ह्याच्यावर रडावं का भांडावं. मी तिला म्हटलं, चहा टाक.

आण्णांना इचारायचं न्हाय हे मी ठरवलंय. इचारलं की उत्तर द्यावं लागंल, आणि एकदा तोंडातनं गेलं की ते त्या मशीनला हात लावायचे न्हाईत. वळखतो मी माणसाला.

२० नोव्हेंबर

कुलूप निघालं. पण साइटवाले असे सोडतात काय. नवा पासवर्ड ठेवा आणि कुणाला देणार न्हाय म्हणून कबूल करा. कबूल केलं. नवा पासवर्ड चांदी, आमची गाय व्हती.

दिलेला शब्द मी पाळणार. पण माझं वय झालंय, मला आठवत न्हाय, म्हणून पाठ करायला पायजे. संध्याकाळी आण्णा पेपर घेऊन बसले तवा मी शेजारी तांदूळ निवडत पाठ करत बसलो. चांदी, चांदी, आपली चांदी गाय. कुणाला दिला न्हाय. मोठ्यांदा पाठ करायची सवय मला शाळेपासनं हाय.

त्रिशला कपाळाला हात लावून आत गेली. आण्णांनी पेपरचं पान तेवढा वेळ उलटलं न्हाय.

२१ नोव्हेंबर

कुलूप निघालं, पण आत काय ठेवलंय त्यांनी. ऊस वाळून काळा, सोयाबीन गेलं, भेंडी गेली. दोन आठवडे पाणी न्हाय. एक माणूस यावं त्या साइटचं आणि माझ्या बांधावर उभं राहून बघावं. नुसतं बघावं.

पण ते जाऊ दे. बांधापलीकडं रोहिणीचं शेत, तेबी वाळलंय. सूर्यफुलं माना टाकून. कोंबड्या उपाशी.

ती काय माझ्यासारखी कुलपात न्हवती. मग का आली न्हाय? माझं वाळलेलं बघून खचली, का दवाखान्यात गेली? का काय झालं?

मी कोंबड्यांना दाणं टाकलं. तिच्या सगळ्या रानाला पाणी घातलं. वाळलेलं पीक शेजाऱ्यानं लगेच पाणी घातलं तर जगतंय, पण हे जगण्याच्या पलीकडं गेलेलं. तरी घातलं.

२३ नोव्हेंबर

शालूबाईकडं गेलो, तिची वाटी भरून खीर घेऊन. म्हटलं, चोर सापडला. ती म्हणाली, कोण? म्हटलं, घरचाच. तिनं माझ्याकडं बघितलं आणि खीर झाकून ठेवली. म्हणाली, "बस. पोरीचं काय कळलं?"

काय कळलं न्हाय. फोटू नवा न्हाय. सात वर्सांत पहिल्यांदा वाटलं, जाऊ दे तो नियम, फोन फिरवावा. हात फोनवर ठेवलाबी. मग आण्णा अंगणात चपला काढताना दिसले, मी फोन पुसायला लागलो.

त्यांची भाकरी निम्मीच.

२५ नोव्हेंबर

सकाळी आण्णा न जेवताच दुकानात गेले. आमच्या घरची लाइट गेली ती आलीच न्हाय. कॉम्पुटर काळा. त्रिशला दोनदा बटण दाबून बघून आली, जसं काय लाइट कॉम्पुटरातच राहती. मी दिवसभर लाइटवाल्यांना बोललो. साइटवाल्यांनी कुलूप काढलं तर ह्यांनी वायर काढली. माणसाला कुणी सुखानं एक शेतबी करू देत न्हाय.

उन्हं कलली तवा आण्णा आले. रोजच्या आधी आले, सौद्याचे दिवस असून. हातात मिठाईचा खोका. चपला काढल्या, पण टोपी काढायची विसरले.

मी इचारलं, "हे काय?"

"गुळाचा सौदा चांगला झाला आज."

मागनं वृषभ आला. तो म्हणाला, "कुठला सौदा, आण्णा? आज तर भाव..." आणि त्रिशलानं त्याला कोपरानं ढोसलं.

मी खोका घेतला. दोरा लवकर सुटंना, दातानं तोडला. मुलगा झाला की आमच्यात पेढं वाटतात, मुलगी झाली की बर्फी. मी झाकण उघडलं.

बर्फी. पांढरी, वर चांदीचा वर्ख लावलेली.

मी खोक्याकडं बघत उभी. आण्णा खांबाला टेकून उभे, माझ्याकडं बघंनात. सात वर्सांत ह्या घरात जे नाव आलं न्हाय ते मीबी घेतलं न्हाय. एवढंच इचारलं, "दोघी बऱ्या हायत न्हवं?"

"बऱ्या हायत," आण्णा म्हणाले. मग टोपी काढली. "दोघीबी बऱ्या हायत. मोठी दंगा करती."

मग खोक्यातली एक वडी उचलून माझ्या हातावर ठेवली, म्हणाले, "खा लवकर, दिवस मावळाय लागलाय."